हातातलं काम

गेल्या रविवारी गोव्यातल्या आमच्या गावच्या उत्सवी नाटकाची भूमिकावाटणी झाली. देवळाच्या मांडपात सगळी मंडळी गोल करून बसली, चहा फिरला आणि दिग्दर्शकाने वहीत बघून नावं वाचली. नायिकेचं काम खालच्या वाड्यावरच्या मुलीला मिळालं, आईचं काम माझ्या भाचीला. भाची २८ वर्षांची. तिने संहिता उघडलीसुद्धा नाही. चहाचा कप तसाच खांबापाशी ठेवला, स्कूटर काढली आणि घरी निघून गेली.

रात्री मी तिच्याकडे गेले. ती म्हणाली, "मावशी, तू ३४ वर्षं आया नि सासवाच केल्यास. तुला कधी वाईट नाही वाटलं?"

वाटलं, असं मी तिला खरं तेच सांगितलं. मग मोबाइल काढला आणि तिला गौरी दाखवली. त्या रात्री तिला जे सांगितलं आणि जे सांगायचं राहून गेलं, ते सगळं आज इथे लिहिते आहे.

गौरी म्हणजे 'संत तुकाराम'मधली जिजाई. प्रभात फिल्म कंपनीचा हा चित्रपट १९३६चा. विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम आपल्याकडे घराघरांत ठाऊक आहे, जुन्या लोकांच्या देवघरात तर त्यांचाच फोटो तुकोबा म्हणून लागलेला असायचा. जिजाई सगळ्यांना आठवते, पण ते काम करणाऱ्या बाईचं नाव विचारा, दहातले नऊ जण गप्प बसतात. नाव गौरी. पुढे आडनाव नाही, मागे 'मिस' नाही, 'बाई' नाही. नुसतं गौरी.

मी तिला पहिल्यांदा पाहिलं ते आमच्याच देवळाच्या मांडपात. ऐंशीच्या दशकाच्या शेवटाची गोष्ट. आषाढी एकादशीला फोंड्याहून भाड्याने व्हीसीआर आणि रंगीत टीव्ही आणला होता. बाहेर पाऊस धो धो, कौलांवरच्या आवाजात निम्मे संवाद बुडत होते. पागनीस पडद्यावर आले तसे पुढच्या रांगेतल्या म्हाताऱ्यांनी हात जोडले. माझी आजी खांबाला टेकून बसली होती. तिने हात जोडले नाहीत. ती जिजाईकडे बघत होती. बऱ्याच वेळाने माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "ही बायल आमच्या घरचीच कशी दिसता गो." म्हणजे, ही बाई आपल्या घरातलीच वाटते.

आजीने पोर्तुगीज अमदानीत सहा मुलं वाढवली. आजोबा भजनी मंडळात पखवाज वाजवायचे आणि सप्ताह लागला की आठ-आठ दिवस घरी फिरकायचे नाहीत. घरात तांदूळ आहे की नाही हे आजीनेच बघायचं. त्या वाक्यात तिने काय काय सांगितलं, ते कळायला मला पुढची कितीतरी वर्षं लागली.

आता थोडं त्या काळाबद्दल, कारण गौरीचं काम केवढं मोठं ते त्याशिवाय कळत नाही. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला तेव्हा तारामतीच्या कामाला बाई मिळेना. शेवटी अण्णा साळुंके नावाच्या, हॉटेलात स्वयंपाक करणाऱ्या तरुणाला लुगडं नेसवलं. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या, पण पुढेही बरीच वर्षं चित्रपटात काम करणं चांगल्या घरच्या बाईचं मानलं जात नव्हतं. १९३२ साली 'अयोध्येचा राजा'मध्ये दुर्गा खोटे तारामती झाल्या तेव्हा प्रतिष्ठित घरातली सुशिक्षित बाई चित्रपटात आली म्हणून केवढी चर्चा झाली. म्हणजे तारामतीला बाई मिळायला आणि ती लोकांनी मानायला जवळजवळ वीस वर्षं गेली.

आमच्या गावातही वेगळं नव्हतं. माझा मामा तरुणपणी मिशी उतरवून नायिका करायचा. त्याच्या हातांवरची लव झाकायला लांब बाह्यांचं पोलकं शिवलेलं होतं, ते आजीच्या पेटीत कितीतरी वर्षं पडून होतं. पुढे बाहेरून नट्या आणायची पद्धत पडली. बिदागी ठरवायची, मोटार पाठवायची, एक-दोन तालमींत त्या उभ्या राहायच्या आणि रात्री पालखी देवळात आली की पडदा वर.

तर गौरी. ती प्रभातमध्ये नटी म्हणून आलीच नव्हती. प्रभातची कंपनी १९२९ साली कोल्हापुरात सुरू झाली, १९३३ मध्ये पुण्याला आली. तिथे माणसं पगारावर असत. स्टुडिओ हेच एक मोठं कुटुंब, सुतार, रंगारी, शिंपी, नट, सगळे एकाच आवारात. गौरी त्या आवारात साध्या कामाला होती. मग गर्दीच्या प्रसंगात उभी राहू लागली, एक्स्ट्रा म्हणून. आणि तिथून दामले आणि फत्तेलाल या दोघा दिग्दर्शकांनी तिला उचलून थेट तुकोबाची बायको केली.

विचार करा. समोर विष्णुपंत पागनीस. त्यांनी संगीत नाटकांत स्त्री-भूमिका करण्यात उमेदीची वर्षं घालवलेली. म्हणजे रंगभूमीवर बाईपण साकारणारा पुरुष या चित्रपटात संत झाला, आणि त्याच्यासमोर बायकोच्या कामाला उभी राहिली रंगभूमीचं वारंही न लागलेली बाई. तो काळ बोलपटाच्या पहिल्या पाच वर्षांतला. नाटकातून आलेले बहुतेक नट तेव्हा कॅमेऱ्यासमोरही शेवटच्या रांगेला ऐकू जावं तसे बोलत, हात पसरून उभे राहत. गौरीला ते शिकवलेलंच नव्हतं. तिला भांडायचं असेल तर ती भांडते, आणि भांडताना हातातलं काम थांबवत नाही.

इथेच मला थांबायचं आहे, कारण मी तिच्याकडून जे घेतलं ते हेच. मोबाइलवर हा चित्रपट मी कितीदा पाहिला याची गणती नाही. पुढे-मागे करून, थांबवून थांबवून. तुकाराम बहुतेक वेळ वर बघतो. डोळे अर्धे मिटलेले, चेहरा शांत. जिजाई खाली बघते, चुलीकडे, पोरांकडे, म्हशीकडे. तिच्या हाताला सतत काहीतरी लागलेलं असतं. लुगड्याचा काचा घट्ट, पदर खोचलेला, चालणं भरभर. डोंगरावर तुकोबा 'वृक्षवल्ली आम्हां सोयरीं' गात रमलाय आणि ही त्याची भाकरी घेऊन माग काढत येते. त्याला सगळी झाडं सोयरी झाली आहेत, आणि तो सकाळपासून जेवला नाही ही काळजी हिला आहे. मला त्या प्रसंगात दोघांचंही पटतं. त्याच्या गाण्यानेही डोळ्यांत पाणी येतं आणि तिच्या दमलेल्या चालण्यानेही.

आणि तो देवळातला प्रसंग. पोर आजारी, घरात काही नाही, नवरा भजनात. जिजाई पोराला ओढत, हातात वहाण घेऊन विठोबाच्या देवळात शिरते. देवाला मारायला! १९३६ साली, भक्तिपटात, हजारो भाविकांसमोर एक बाई देवावर वहाण उगारते आणि प्रेक्षक तिच्यावर रागावत नाहीत. का? कारण तोवर गौरीने आपल्याला तिचं घर दाखवलेलं असतं. तिच्या आवाजात नाटकी संताप नाही, थकवा आहे. आपल्या घरातल्या कर्त्या माणसाशी भांडावं तशी ती विठोबाशी भांडते. ज्याच्यावर हक्क आहे त्याच्याशीच माणूस असं भांडतं. मला तर ती तुकोबाइतकीच भक्त वाटते, तिची भक्ती शिव्यांतून येते एवढंच.

माझं ठाम मत आहे की पागनीसांचा तुकाराम एवढा मोठा होतो तो या बाईमुळे. पोरं काय खाणार, हे विचारायला कोणी नसतं तर त्या भजनाची किंमत आपल्याला कळलीच नसती. शिवाजी महाराजांचा नजराणा घरी येतो तेव्हा जिजाईचा आनंद पाहा. कपडे, दागिने, पोरांना नटवणं. आणि तुकोबा ते परत करतात. त्याग तुकोबाने केला खरा, पण अंगावरून उतरवावं लागलं ते तिला. तो भार गौरीने चेहऱ्यावर पेलला नसता तर त्यागाचा प्रसंग नुसता उपदेश झाला असता.

शेवटी वैकुंठाला जातानाही तो तिला 'चल' म्हणतो आणि ही संसारात गुंतलेली. घर सोडून कुठे येणार?

या चित्रपटात आणखी एक माणूस असाच मागे राहिला आहे, सालोमालो करणारे भागवत. तुकोबाचे अभंग स्वतःच्या नावावर खपवणारा ढोंगी बुवा. तेही काम अस्सल. पण मी आज गौरीपुरतंच लिहिते.

चित्रपट मुंबईच्या सेंट्रल सिनेमात ५७ आठवडे चालला. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात जगातल्या निवडक उत्तम चित्रपटांत त्याची गणना झाली. संगीत केशवराव भोळ्यांचं. आम्हा गोंयकारांना इथे जरा अभिमानाने सांगावंसं वाटतं की त्यांची पत्नी ज्योत्स्नाबाई आमच्या अंत्रुजातल्या, म्हणजे फोंड्याकडच्या, बांदिवड्याच्या. 'आधी बीज एकले' हे शांताराम आठवल्यांनी लिहिलेलं गीत तर इतकं बेमालूम की लोक ते तुकोबाचाच अभंग समजतात. आमच्या भजनी मंडळातही कितीतरी जण तसंच समजून म्हणत.

पुढे १९३७च्या 'कुंकू'तही गौरी आहे. आणि १९४१ साली 'संत सखू'मध्ये ती सखूची सासू झाली. सखू म्हणजे हंसा वाडकर. पाच वर्षांपूर्वी जी देवावर रागावली तरी आपली वाटली होती, ती इथे सुनेला पंढरीला जाऊ देत नाही, तिचा छळ करते. तोच आवाज, तोच काचा, तेच भरभर चालणं, पण आता त्याची भीती वाटते. जिजाई आणि ही सासू लागोपाठ पाहा. एवढ्याशा फरकात माणूस कसा उलटा होतो! जिजाईचा राग घरासाठी आहे आणि सासूचा राग घरातल्या एका माणसावर आहे. गौरीने हा फरक कुठे केला हे शोधण्यात माझी एक अख्खी दुपार गेली होती. मला वाटतं डोळ्यांत. जिजाई समोरच्याच्या चेहऱ्याकडे बघत भांडते. सासू सुनेच्या हातांकडे बघते, काम चुकलं का ते शोधत. हे माझं बघणं आहे, दुसऱ्याला वेगळं दिसेल.

माझी सुरुवात अपघाताने झाली. १९९१ची माघातली जत्रा. बेळगावहून यायची होती ती नटी अनमोड घाटात अडकली, मोटार बंद पडली. रात्री साडेनऊला फोन आला. पालखी निघालेली, लोक चटया टाकून बसलेले. मामा तेव्हा प्रॉम्प्टिंग करायचा, तालमींना मी त्याच्या शेजारी वही धरून बसायचे, त्यामुळे सगळं नाटक मला पाठ. मामाने आईकडे बघितलं, आईने माझ्याकडे. "उभी राहशील?" एवढंच विचारलं. मी राहिले. काम नायकाच्या विधवा आत्याचं होतं, २४ वर्षांच्या मुलीने केसांना जस्ताची पांढरी पावडर लावून केलेलं.

त्यानंतर आजूबाजूच्या गावांतून बोलावणी येऊ लागली, नेहमी तसल्याच कामांची. शाळेतली नोकरी सांभाळून मी ती करत गेले. सुरुवातीची चार-पाच वर्षं मी आई करायची म्हणजे आवाज कापरा करायची, कमरेत वाकायची, पदराने डोळे टिपायची. लोक रडायचे. मला ते बरोबर वाटायचं.

मग एका नाटकात प्रसंग असा होता की मुलगा आखाताला जायला निघालाय, पासपोर्ट हातात आलाय, आणि तो आईला सांगतो. मी नेहमीसारखी रंगमंचाच्या मधोमध उभी राहून ऐकायची आणि मग हुंदका. तालमीनंतर घरी आले, आई आदोळीवर बसून नारळ खवत होती. माझा धाकटा भाऊ दारात उभा राहून तिला काहीतरी सांगत होता, पैशांचंच काहीतरी, वाईट बातमी होती. आईचा हात थांबला नाही. उलट जोरात चालू लागला. करवंटी पात्याला लागून खर्र असा आवाज आला, खवलेल्या पांढऱ्याशुभ्र खोबऱ्यात तपकिरी कीस पडू लागला, तरी ती खवतच राहिली. मग एकदम थांबली. वाटी उलटी करून बघितली. त्यात काही उरलेलं नव्हतं.

मला तिथे गौरी दिसली. म्हशीपाशीची, चुलीपाशीची.

दुसऱ्या दिवशी मी तालमीला घरची आदोळी घेऊन गेले. दिग्दर्शक म्हणाला, आवाज होईल, संवाद ऐकू येणार नाहीत. मी म्हटलं, एकदा बघा तर खरं. मुलगा बोलायला लागला, मी खवत राहिले. 'व्हिसा आला' या शब्दावर हात जोरात. 'शुक्रवारी' या शब्दावर करवंटी पात्याला लागली. मग शांतता. मी वाटी उलटी केली आणि म्हटलं, "जेवून जाशील ना?" संहितेत तिथे आईचं अर्ध्या पानाचं भाषण होतं. दिग्दर्शकाने ते तिथल्या तिथे पेन्सिलीने खोडलं. माझं सगळ्यात मोठं भाषण गेलं आणि मी आयुष्यात केलेलं सगळ्यात चांगलं काम तिथे सापडलं.

प्रयोगाला कोणी रडलं नाही. मांडपात एवढी शांतता होती की बाहेरच्या फुगेवाल्याची पिपाणी ऐकू येत होती. नाटक संपल्यावर एक वयस्क बाई मागे आली, काही बोलली नाही, माझा उजवा हात हातात घेऊन बघत राहिली.

भाचीने विचारलं होतं, वाईट वाटलं का. वाटलं ते एकदाच फार वाटलं. एका मंडळाच्या नाटकाचे आम्ही एका मोसमात अकरा प्रयोग केले, आणि हँडबिलावर प्रकाशयोजनेपासून मंडपवाल्यापर्यंत सगळ्यांची नावं छापली, माझं सोडून. चूक झाली म्हणाले. दुसऱ्या छपाईतही तीच चूक. मी ते हँडबिल घरी आणून रात्री तीन-तीनदा वाचलं, कुठे तरी असेल म्हणून. आजही ते माझ्याकडे आहे. राग आता उरलेला नाही, पण दुखलं होतं हे मी लपवत नाही. चांगलं काम केलेल्या माणसाचं नाव छापायला हवं, कामाइतकंच नावही त्याचं असतं. गौरीचं नाव मी भेटेल त्याला सांगत सुटते ते म्हणूनच.

त्या रात्री भाचीबरोबर मी तो देवळातला प्रसंग दोनदा पाहिला. ती पहिल्यांदा पागनीसांकडे बघत होती, तिला ते आवडले. दुसऱ्यांदा मी तिला म्हटलं, फक्त हिच्या हातांकडे बघ. तिने बघितलं. मग स्वतःच मागे नेऊन तिसऱ्यांदा लावलं. "हिला कोणी शिकवलं असेल गो, मावशी?" म्हणाली. मी म्हटलं, त्या स्टुडिओच्या आवारात ती इतरांसाठी राबत होती, तेव्हा तिचे डोळे मिटलेले नव्हते.

काल भाची तालमीला आली. संहिता तिने घरी वाचून काढली होती, पेन्सिलीच्या खुणा होत्या. पहिल्या अंकात आईला मोजून आठ वाक्यं आहेत. तिने दिग्दर्शकाला विचारलं, "या वेळी ती काय करत असते?" त्याने वहीत बघितलं. वहीत लिहिलेलं नव्हतं. मग दोघांनी बसून ठरवलं. प्रसंग जूनमधला आहे, पहिला पाऊस तोंडावर, म्हणजे घरात सोलं भरायची घाई. ती आमसुलं बरणीत भरणार आहे, थरावर मीठ टाकत.

आमसुलं आमच्याकडे गेल्या वर्षीची आहेत, काळी पडलेली, पण मांडपातल्या दिव्यात चालतील. बरणी मात्र चिनी मातीचीच हवी, प्लॅस्टिकच्या डब्यात मिठाचा आवाज येत नाही. आईची जुनी बरणी माळ्यावर आहे, उद्या उतरवून धुऊन ठेवते. तालीम साडेसातला.